पगडी, शब्दकोश आणि न्यायासन

‘बहुसांस्कृतिकता’ हा शब्द मराठी समीक्षेत आता इतका रुळला आहे की तो कुठल्या भांडणातून वर आला, हे विचारायचे बहुधा राहूनच जाते. परिसंवादांतून तो सिद्धान्ताच्या रूपात भेटतो आणि आपणही त्याला सिद्धान्त म्हणूनच स्वीकारतो किंवा नाकारतो. ब्रिटनपुरते पाहिले तर या वादाचे पहिले दस्तऐवज विद्यापीठात तयार झाले नाहीत. ते नगरपालिकांच्या बसखात्यांत, दंडाधिकाऱ्यांच्या कचेऱ्यांत आणि एका खासगी शाळेच्या प्रवेश-अर्जावर तयार झाले. बहुतेकांच्या मुळाशी पाच-सहा वार कापड होते.

ग्यानी सुंदरसिंग सागर यांनी १९५९ साली मँचेस्टरच्या बससेवेत कंडक्टरच्या जागेसाठी अर्ज केला. गणवेशात टोपी होती, पगडी नव्हती. गणवेशाच्याच निळ्या रंगाची पगडी बांधतो आणि तिच्यावर खात्याचा बिल्ला लावतो, अशी तडजोड त्यांनी स्वतःहून सुचवली. ती मान्य व्हायला १९६६ उजाडले. पुढच्याच वर्षी वुल्व्हरहॅम्प्टनला तोच प्रश्न अधिक कडवटपणे उभा राहिला. तरसेमसिंग संधू हा बसचालक नोकरीला लागला तेव्हा दाढी-पगडीवाचून होता. आजारपणाच्या रजेनंतर तो दाढी राखून आणि पगडी बांधून कामावर आला आणि त्याला घरी पाठवण्यात आले. यानंतर दोन वर्षे मोर्चे निघाले, प्रतिनिधिमंडळे गेली, दिल्लीतही पडसाद उमटले. वुल्व्हरहॅम्प्टनच्याच एका मतदारसंघाचे खासदार असलेल्या इनॉक पॉवेल यांनी २० एप्रिल १९६८ रोजी बर्मिंगहॅमला जे कुप्रसिद्ध भाषण केले, त्यात शिखांच्या या मागणीचा उल्लेख आहे. विशेष म्हणजे त्यासाठी त्यांनी आधार घेतला तो विरोधी मजूर पक्षाच्या एका मंत्र्याच्या वक्तव्याचा. अखेर सोहनसिंग जॉली यांनी १९६९ च्या बैसाखीला, म्हणजे १३ एप्रिलला, आत्मदहन करण्याचे जाहीर केले आणि चार दिवस आधी नगरपालिकेच्या समितीने बंदी उठवली.

तरसेमसिंग आधी केस कापून का वावरत होता, या प्रश्नात एक संपूर्ण पिढीचा इतिहास दडलेला आहे. १९५० च्या दशकात ब्रिटनमध्ये आलेल्या अनेक शिखांनी काम मिळावे म्हणून केस कापले, पगड्या पेटीत ठेवल्या. पाय रोवल्यावर आणि कुटुंबे आल्यावर त्यांतल्या अनेकांनी त्या पुन्हा बाहेर काढल्या. अल्पसंख्य माणूस परंपरेला ‘चिकटून’ राहतो, असे आपण सहज म्हणतो. इथे तो परंपरेकडे परतत होता आणि तेही नव्या देशात जरा स्थिरावल्यामुळे.

याहून मोठा विपर्यास साम्राज्याच्या इतिहासात आहे. वसाहतकाळातील भारतीय फौजेत शीख शिपायाने केशधारी असावे आणि खालशाची चिन्हे धारण करावीत, असा आग्रह ब्रिटिश अधिकारीच धरीत. त्यांच्या दृष्टीने ती लढाऊ शिस्तीची हमी होती. दोन्ही महायुद्धांत शीख पलटणी पगडी बांधून लढल्या. फ्लँडर्सच्या खंदकात जी पगडी चालली, ती वुल्व्हरहॅम्प्टनच्या बसमध्ये का चालू नये, याचे उत्तर देणे नगरपालिकेला जड गेले असणार. पुढे संसदेतही हाच मुद्दा शिखांच्या बाजूने पुनःपुन्हा आला.

तत्कालीन गृहमंत्री रॉय जेन्किन्स यांनी मे १९६६ मधील एका भाषणात एकात्मीकरणाची जी व्याख्या केली, ती या विषयाच्या प्रत्येक पुस्तकात आढळते. सर्वांना एका साच्यात दाबून सपाट करणे म्हणजे एकात्मीकरण नव्हे. समान संधी, सांस्कृतिक वैविध्य आणि परस्पर सहिष्णुता यांचे सहअस्तित्व म्हणजे एकात्मीकरण, असा तिचा आशय. व्याख्या सुंदर आहे. पण १ जून १९७३ पासून मोटारसायकलवर हेल्मेट सक्तीचे झाले, तेव्हा तिच्यातून उत्तर निघेना. अनेक शिखांनी दंड सोसले. साउथॉलचे खासदार सिडनी बिडवेल यांच्या पुढाकाराने १९७६ मध्ये पगडीधारी शिखांना सूट देणारा कायदा झाला. (भारतातही १९८८ च्या मोटार वाहन कायद्याच्या १२९ व्या कलमात हीच सूट आहे. कृपाण बाळगणे हा शीख धर्माचरणाचा भाग मानावा, असे तर आपल्या संविधानाच्या पंचविसाव्या अनुच्छेदाचे स्पष्टीकरणच सांगते.) ही सूट होती, म्हणजे संसदेने दिलेली सवलत. मूळ हक्काचा प्रश्न न्यायालयात जायचा होता.

तो १९७८ साली बर्मिंगहॅमच्या पार्क ग्रोव्ह शाळेतून निघाला. सेवासिंग मंडला हे व्यवसायाने सॉलिसिटर. त्यांच्या मुलाने केस कापून पगडी सोडल्याखेरीज त्याला प्रवेश देण्यास मुख्याध्यापक डाउवेल-ली यांनी नकार दिला. मुख्याध्यापकांना खलनायक ठरवून मोकळे होणे सोपे आहे, पण त्यांच्या शाळेत सुमारे तीनशे मुलांमध्ये पाच शीख होते, हिंदू होते, इराणी आणि चिनीही होते. धर्म-वर्गाचे भेद दिसू नयेत म्हणून गणवेश, अशी त्यांची भूमिका होती. समतेची ही एक प्रामाणिक कल्पना आहे, आणि म्हणूनच हा खटला वाचण्यासारखा आहे.

अडचण अशी की १९७६ च्या वंशसंबंध कायद्यात धर्म हा शब्दच नव्हता. वर्ण, वंश, राष्ट्रीयत्व, वांशिक किंवा राष्ट्रीय मूळ एवढ्याच कारणांनी भेदभाव करण्यास मनाई होती. मग शीख हा ‘एथ्निक’ गट आहे काय? अपील न्यायालयात लॉर्ड डेनिंग यांनी १९८२ मध्ये शब्दकोश उघडले. ग्रीक ‘एथ्नॉस’पासून ते मूर्तिपूजक परधर्मीय या जुन्या अर्थापर्यंत त्यांनी शब्दाचा प्रवास सांगितला आणि वंशाचा धागा नसेल तर गट ‘एथ्निक’ होत नाही, असा निष्कर्ष काढला. शीख आणि पंजाबातील इतर लोक यांच्यात धर्म व संस्कृती सोडून फरक तो काय, असा त्यांचा प्रश्न होता. मंडला हरले.

२४ मार्च १९८३ रोजी उमरावसभेच्या पाच न्यायाधीशांनी हा निकाल एकमताने फिरवला. लॉर्ड फ्रेझर यांच्या निकालपत्रात ‘एथ्निक’ गटाच्या कसोट्या आहेत. स्वतःची म्हणून जपलेली दीर्घ सामायिक स्मृती आणि स्वतःची सांस्कृतिक परंपरा या दोन अनिवार्य. बाकीच्या पूरक कसोट्यांत समान भूमी किंवा मोजके समान पूर्वज, समान भाषा, समान धर्म, मोठ्या समाजातील अल्पसंख्य किंवा पीडित असणे या येतात. आणि त्यांतच आणखी एक येते: त्या गटाचे स्वतःचे साहित्य. साहित्याच्या अभ्यासकाने इथे थबकावे. एखादा जनसमूह कायद्याच्या दृष्टीने ‘समूह’ आहे की नाही, हे ठरवताना न्यायाधीश त्याच्या साहित्याची साक्ष काढतात, असे फार क्वचित घडते. गुरुमुखी लिपी आणि तिच्यातील ग्रंथसंपदा बर्मिंगहॅमच्या एका विद्यार्थ्याच्या पगडीसाठी पुरावा म्हणून उभी राहिली.

याच खटल्यात दुसरा वाद एका सहायक क्रियापदाचा होता. ज्या अटीची पूर्तता एखाद्या गटातील फार कमी लोक ‘करू शकतात’ ती अट अप्रत्यक्ष भेदभाव ठरते, असे कायदा म्हणत होता. शीख मुलगा पगडी काढू शकतो काय? हात वर केला की ती निघते, म्हणून शकतो, हा एक पक्ष. आपल्या समूहाच्या रूढी व जीवनपद्धती सांभाळून व्यवहारात काढू शकत नाही, हा दुसरा, आणि उमरावसभेने तोच मान्य केला. इंग्रजीत या अर्थभेदासाठी न्यायालयाला पानेच्या पाने लिहावी लागली. मराठीत शक्य क्रियापदाने बरेचसे काम भागले असते. ‘पाहू शकत नाही’ म्हटले की डोळे अधू असावेत किंवा मध्ये भिंत असावी असे वाटते. ‘पाहवत नाही’ म्हटले की डोळे शाबूत आहेत आणि नकार आतून आला आहे, हे लगेच कळते. त्या मुलाला पगडी काढता येत होती. त्याच्याने ती काढवत नव्हती.

विजय मोठा होता, पण त्याची किंमतही होती. जन्म आणि कुळ यांपलीकडे जाणारा पंथ म्हणून ज्याची उभारणी झाली, त्याला इंग्लंडमध्ये संरक्षण मिळाले ते वंशसदृश गट म्हणून. ज्यांना ही वाट उपलब्ध नव्हती ते बाहेर राहिले. ज्यू आत होते. मुसलमान अनेक देशांतले, अनेक भाषांचे, म्हणून बाहेर. १९९३ मध्ये रास्ताफारी पंथाचा दावा फेटाळला गेला, त्यात साठेक वर्षांचा इतिहास पुरेसा ‘दीर्घ’ नाही हेही कारण होते. जानेवारी १९८९ मध्ये ब्रॅडफर्डला सलमान रश्दींची कादंबरी जाळली गेली, त्या कृत्याचे समर्थन करण्याचा प्रश्नच नाही. परंतु त्या काळी धर्मनिंदेचा कायदा ख्रिस्ती धर्मालाच लागू आहे असे न्यायालयाने सांगितले, आणि नोकरीत धर्मावरून होणाऱ्या भेदभावाविरुद्ध मुसलमानांना २००३ पर्यंत थेट दाद मागता येत नव्हती, हे दोन्ही तपशील त्या धुराआड दिसेनासे झाले. धर्मनिंदेचा तो कायदा २००८ मध्ये रद्द झाला.

सैद्धान्तिक चर्चा यानंतरची. ब्रायन बॅरी यांनी ‘कल्चर अँड इक्वॅलिटी’ (२००१) मध्ये सवलतींच्या तर्कावरच घाव घातला: हेल्मेटचा नियम खरोखर आवश्यक असेल तर तो सर्वांना हवा, नसेल तर कोणालाच नको. भिखू पारेख यांचे म्हणणे असे की समान वागणूक म्हणजे एकसारखी वागणूक नव्हे. युक्तिवादाची धार बॅरींकडे अधिक आहे, हे मान्य करावे लागते. तरी मला पारेखांचे म्हणणे पटते, कारण ‘सर्वांसाठी’ लिहिलेला नियम कोणाचे डोके समोर ठेवून लिहिला, हे बॅरी पुरेसे विचारत नाहीत. शिवाय सूट म्हणजे फुकटची मेहेरबानी, असेही नाही. १९८९ च्या रोजगार कायद्याने बांधकामावरील शिखांना शिरस्त्राणातून वगळले, तेव्हा शिरस्त्राणामुळे जी इजा टळली असती तिची भरपाई मिळणार नाही, ही अटही घातली. जोखीम ज्याची त्याने उचलायची. २०१५ मध्ये ही सूट इतर बहुतेक कामांच्या ठिकाणांपर्यंत वाढवण्यात आली.

खाडीपलीकडे फ्रान्सने २००४ च्या कायद्याने सरकारी शाळांतून ठळक धार्मिक चिन्हे वर्ज्य केली. वाद मुस्लिम मुलींच्या शिरोवस्त्राचा होता, पण त्यात शीख मुलांनाही शाळा सोडावी लागली. युरोपीय मानवाधिकार न्यायालयाने त्यांची तक्रार ऐकून घेतली नाही. संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार समितीने २०१२ मध्ये बिक्रमजितसिंग याच्या बाजूने मत दिले. ते मत बंधनकारक नसल्याने कायदा होता तसाच राहिला.

ब्रिटनमध्ये मात्र मंडला खटल्याची कसोटी वेगळ्याच ठिकाणी लागली. आपण न्यायालयाने मान्य केलेला ‘एथ्निक’ गट आहोत, तर जनगणनेच्या अर्जावर त्या सदरात आपल्यासाठी वेगळी चौकट हवी, अशी मागणी काही शीख संघटनांनी केली. २०२१ च्या अर्जात ती चौकट नव्हती. शीख हा पर्याय होता तो धर्माच्या प्रश्नाखाली, आणि त्या प्रश्नाचे उत्तर देणे ऐच्छिक होते.