विधवा व कुटुंब (महाराष्ट्र)

पतिनिधनानंतर स्त्रीचे घरातील स्थान, तिचा पुनर्विवाह व वारसाहक्क यांविषयीच्या रूढी आणि त्यांतील बदल. एकोणिसाव्या शतकात ब्राह्मण घरांत विधवेचे केशवपन होई. आलवण (विधवेचे तांबडे लुगडे) नेसून ती सोवळ्यातला स्वयंपाक सांभाळी, पण मंगलकार्यात तिचे दर्शनही अशुभ ठरे. तिच्या हातचे अन्न घराला चाले; तिच्या हातचे कुंकू मात्र चालत नसे. अनेक बहुजन जातींत ‘पाट’ (विधवेचा पुनर्विवाह) लावण्याची मुभा पूर्वापार होती, हे सुधारणेच्या इतिहासात बरेचदा विसरले जाते.

१८५६ च्या कायद्याने विधवाविवाह वैध झाला, तरी घरे सहजी बदलली नाहीत. जोतीराव व सावित्रीबाई फुले यांनी १८६३ मध्ये पुण्यात विधवांसाठी बालहत्या प्रतिबंधक गृह काढले. धोंडो केशव कर्वे यांनी १८९३ मध्ये शारदा सदन या संस्थेत शिकणाऱ्या विधवा गोदूबाईंशी विवाह केला, तेव्हा मुरुड या त्यांच्या गावाने त्यांना वाळीत टाकले. गोदूबाई म्हणजेच आनंदीबाई ऊर्फ बाया कर्वे. त्यांच्या ‘माझे पुराण’ या आत्मकथनात हा काळ विधवेच्या नजरेने दिसतो, म्हणून त्याचे मोल मोठे.

१९३७ च्या कायद्याने विधवेला एकत्र कुटुंबात पतीच्या हिश्शावर मर्यादित हक्क मिळाला. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने पूर्ण मालकी दिली. चालीरीती मागे राहिल्या. मे २०२२ मध्ये हेरवाड (ता. शिरोळ, जि. कोल्हापूर) ग्रामपंचायतीने कुंकू पुसणे, बांगड्या फोडणे, मंगळसूत्र तोडणे यांवर बंदीचा ठराव केला; राज्य शासनाने इतर गावांनाही तो अनुसरण्याचे आवाहन केले.