तसबिरीचा घोटाळा

गोविंद बल्लाळ देवल यांनीं संशयाच्या दोन कथा मराठींत आणल्या, दोन्ही परक्या. पहिली शेक्सपिअरची 'ऑथेल्लो'. तिचें १८९० सालीं 'झुंझारराव' झालें. एका हातरुमालापायीं तींत निरपराध पत्नीचा प्राण जातो. दुसरी आर्थर मर्फी याची १७६१ सालची इंग्रजी सुखात्मिका. तिचें बीज मर्फीनें मोलिएरच्या १६६० सालच्या फ्रेंच प्रहसनांतून उचललें होतें. तिच्या आधारें देवलांनीं १८९३ सालीं 'फाल्गुनराव अथवा तसबिरीचा घोटाळा' हें गद्य नाटक रचलें. रुमालाच्या जागीं तसबीर आली, आणि प्राण मात्र कोणाचाच गेला नाहीं.

घोटाळा असा कीं, रस्त्यांत घेरी आलेल्या रेवतीला फाल्गुनराव सावरतो, तें त्याची बायको कृत्तिका पाहते. रेवतीच्या हातून पडलेली अश्विनशेटची तसबीर कृत्तिकेला सांपडते. ती न्याहाळीत असतां नवरा तिला पाहतो. झालें! नवऱ्याला बायकोचा संशय, बायकोला नवऱ्याचा. पुढें अश्विनशेटहि रेवतीविषयीं साशंक होतो. जो तो स्वतःच्या डोळ्यांनीं पाहिलेलेंच सांगतो, म्हणून तर गुंता सुटत नाहीं. पात्रांचीं नांवें बहुतेक महिन्यांचीं व नक्षत्रांचीं. पंचांगच रंगभूमीवर अवतरलें म्हणावें!

देवलांचें खरें कसब रेवतीच्या योजनेंत आहे. मर्फीची नायिका खानदानी घराण्यांतली, प्रियकराला मोकळेपणीं भेटणारी. त्या काळच्या पुण्यांत कुलीन कुमारिकेला हें कोठून साधावें? देवलांनीं नायिका कलावंतिणीच्या घरची केली. ही नुसती सोय नव्हे. अश्विनशेट तिच्याशीं लग्न करूं पाहतो. पण अशा घरच्या मुलीच्या निष्ठेवर जगाचा विश्वास नसतो. कृत्तिकेचा रुसवा घरांत जिरेल. रेवतीवर आलेला संशय तिला जन्मभर नडेल. प्रेक्षक हंसतो, परंतु हें त्याच्या ध्यानांत असतें.

पुढें पुण्यांत १९१३ सालीं निघालेल्या गंधर्व नाटक मंडळीसाठीं देवलांनीं त्यांत पदें घातलीं आणि 'संगीत संशयकल्लोळ' सिद्ध झालें. १९१६ च्या जूनमध्यें देवल वारले. त्याच वर्षीं, त्यांच्या पश्चात्, बालगंधर्व रेवती व गणपतराव बोडस फाल्गुनराव होऊन रंगभूमीवर उभे राहिले. प्रेक्षागृहांत उसळलेलें तें हंसूं देवलांच्या कानीं मात्र पडलें नाहीं.