धावेची कुळकथा

आऱ्यांच्या चाकांची, लोखंडी धाव, म्हणजे चाकाभोवतीचे कडे, चढवलेली बैलगाडी खेड्यात अनादी काळापासून आहे, अशी आपली ठाम समजूत असते. कॅलेंडरवरच्या चित्रांनी आणि ग्रामीण चित्रपटांनी ती आणखी पक्की केली. पण देशावरच्या सामान्य कुणब्याच्या दारात ही गाडी उभी राहिली ती इंग्रजी अमलात, एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला. त्याआधी धान्य, मीठ, कापूस हे सगळे लमाणांच्या बैलांच्या पाठीवरून चाले. गावात गाडा असलाच तर तो खत नाहीतर दगड वाहणारा, भरीव चाकांचा. तो कुरकुरत शिवारात जाई आणि तसाच परत येई. त्याने परगावची बाजारपेठ गाठण्याचा प्रश्नच नव्हता.

भरीव चाक मात्र खरोखर जुने. 1974 साली नगर जिल्ह्यातल्या दायमाबादला कांस्याच्या वस्तूंचा जो साठा सापडला, त्यात दोन बैल जुंपलेला आणि उभ्या माणसाने हाकलेला रथ आहे. त्याची चाकेही भरीव आहेत. लोखंडही आपल्याकडे काल-परवाचे नाही. नागपूर जिल्ह्यातल्या नायकुंडला इसवी सनापूर्वी सातव्या शतकाच्या सुमाराची लोखंड गाळण्याची भट्टी उत्खननात मिळाली, आणि माहुरझरीच्या शिळावर्तुळांतून कुऱ्हाडी आणि घोड्यांचे लोखंडी लगाम निघाले. म्हणजे चाक होते, लोखंड होते, लोहारही होता. तरी हे तिघे कुणब्याच्या अंगणात एकत्र यायला अडीच हजार वर्षे लागली.

कारण साधे होते: लोखंड महाग. महाबळेश्वरच्या डोंगरात धावड लोक जांभ्या दगडातून लोखंड गाळत, पण एका घाणीला कोळसा ढीगभर लागे आणि हाती येई लहानसा गोळा. एवढ्या कष्टाचे लोखंड फाळाला, विळ्याला, कुऱ्हाडीला जाई. चाकाला दहाएक हात लांबीची पट्टी गुंडाळणे ही सरदारांची चैन होती. दुसरे कारण रस्त्यांचे. जिथे चाक चालवायला वाट नाही, तिथे चाक सुधारून करायचे काय?

1830 साली बोरघाटाचा रस्ता गाड्यांना खुला झाला आणि कोकणात उतरणे चाकांना शक्य झाले. त्यानंतर थोड्याच वर्षांत, 1836च्या सुमाराला, जमीन पाहणीच्या खात्यातल्या लेफ्टनंट गेसफर्ड या अधिकाऱ्याने सोलापूरकडच्या टेंभुर्णीला सुधारलेल्या गाड्यांचा कारखाना काढला. आरे असलेली, हलकी, दोन बैलांना ओढवणारी ही गाडी होती. साहेबाने आणलेली म्हणून गाव तिला विटाळ मानील असे वाटले असेल तर तसे काही घडले नाही. फायदा दिसला आणि कुणब्याने ती उचलली. मुंबई बंदरात उतरणाऱ्या विलायती लोखंडी पट्ट्यांनी उरलेले काम केले. त्याच पट्ट्यांनी आणि जंगलाच्या नव्या कायद्यांनी धावडांच्या भट्ट्या विझवल्या, ही त्याच हिशेबाची दुसरी बाजू.

गावच्या लोहाराला मात्र या गाडीने नवे काम दिले, आणि कामही असे की त्याची सगळी विद्या पणाला लागावी. एरवी त्याचे वर्ष ठरलेले: पेरणीच्या आधी फाळ शेवटायचे, पाभरीचे फण सरळ करायचे, सुगीला विळ्यांना पाणी द्यायचे, आणि खळ्यावर जाऊन बलुत्याचे धान्य घ्यायचे. लोखंड कुणब्याचे, मेहनत लोहाराची. बलुते मुख्यतः डागडुजीचे. नव्या गाडीचे काम त्यात बसत नसे, त्याचा मोबदला वेगळा ठरे.

हे काम एकट्याचे नव्हे. सुतार बाभळीचा तुंबा, त्यात आरे आणि आऱ्यांच्या टोकांवर परिघाचे तुकडे, म्हणजे पुठ्ठे, बसवून चाक उभे करी. ते अजून खिळखिळेच असे. मग लोहार सुतळीने चाकाचा घेर मोजून पट्टी त्याहून बोटभर कमी तोडतो, वाकवून कडे करतो, टोके पातळ ठोकून एकमेकांवर आणतो आणि भात्याच्या जोरावर पांढरी होईतो तापवून घणाखाली सांधतो. रिबीट नाही, खिळा नाही.

खरी कसोटी यापुढे. कडे जमिनीवर आडवे ठेवून त्याच्या वर-खाली गोवऱ्या रचतात आणि पेटवतात. दीड मीटर व्यासाच्या चाकाचा घेर पावणेपाच मीटरच्या आसपास. लोखंड पाचशे अंशांपर्यंत तापले की या घेरात सुमारे तीन सेंटिमीटरची भर पडते. लोहाराजवळ आच मोजायला काही नसते. तो लालीवरून ओळखतो, कुणी कड्याला लाकडाची काटकी टेकवून ती किती झटकन पेट घेते ते बघतो. तीन-चार जण लांब सांडशींनी धाव उचलतात, चाकावर आणून टाकतात, लाकूड भडकते, धूर डोळ्यांत जातो, घण पडतात, आणि लगेच घागरी रित्या होऊ लागतात. पाणी पडता पडता धाव आवळते. आरे कडकडतात, पुठ्ठ्यांच्या फटी डोळ्यांदेखत मिटतात. पट्टी फार आखूड तोडली असेल तर आरे वाकतात. सैल राहिली तर उन्हाळ्यात लाकूड सुकल्यावर धाव भर रस्त्यात निसटते. म्हणून चैत्र-वैशाखात गाडीवान ओढा दिसला की गाडी मुद्दाम पाण्यात घालून उभी करत.

ही युक्ती केवळ आपली नाही. युरोपात केल्ट लोक रोमनांच्याही आधी अशा अखंड धावा गरम करून चढवत. आगगाडीच्या चाकांवर पोलादी टायर चढवण्याची रीतही हीच. गावच्या ऐरणीवरचे ज्ञान आणि रेल्वेच्या कारखान्यातले ज्ञान यांत फरक यंत्रांचा होता, तत्त्वाचा नव्हता. शाळेत लोखंडाचे प्रसरण शिकवताना या लोहाराचे नाव क्वचितच निघते, हे खटकते.

धावेला उतरती कळा लागली ती रबरामुळे. अरुंद लोखंडी धाव डांबरी रस्ता कापत जाते, बैलांच्या खांद्यावर धक्के येतात, आणि जुन्या मोटारीची टायरे स्वस्तात मिळू लागली. साखर कारखान्यांनी ऊसतोड कामगारांना टायरगाड्या दिल्या तेव्हा निकालच लागला. बैलांच्या बाजूने पाहिले तर हा बदल चांगलाच झाला. त्याबद्दल हळहळण्यासारखे काही नाही. गेले ते सुतार आणि लोहार यांचे जोडीचे काम. आठवडी बाजारात पाल ठोकून बसणारे घिसाडी अजून विळे-खुरपी घडवतात, त्यांच्या बायका समोर उभ्या राहून घण मारतात, पण त्यांच्याकडे धाव चढवायला कुणी येत नाही.

जुनी चाके आता ढाब्यांच्या आणि रिसॉर्टच्या भिंतींना टेकवलेली दिसतात. एखादे दिसले तर धावेवरून बोट फिरवून तिचा सांधा शोधून पाहा. सापडला नाही, तर लोहार चांगला होता.