शेवटी कुणी मरत नाही

१९६९ साली न्यूयॉर्कच्या हार्पर अँड रो या प्रकाशनसंस्थेने जॉन डोनोव्हन यांची एक कादंबरी काढली. नायक तेरा वर्षांचा डेव्ही. आजी वारल्यावर तो आपला कुत्रा फ्रेड याला घेऊन आईकडे राहायला येतो. आई दारूच्या आहारी गेलेली. शाळेतल्या मित्राशी जवळीक वाढते, दोघे एकमेकांचं चुंबन घेतात. मग फ्रेड मोटारीखाली सापडतो, आणि हे आपल्याच पापाचं फळ, असं डेव्ही मनाशी धरून बसतो. अमेरिकेतल्या कुमारवयीनांच्या पुस्तकात मुलाला मुलगा आवडण्याचा विषय उघडपणे आला, तो असा. लेखकाची नजर कणवेची होती, पण किंमत मोजली ती मुक्या जनावराने.

ही रीत पुढेही टिकली. इझाबेल हॉलंड यांच्या १९७२च्या कादंबरीत मुलाचा जीव ज्यांच्यावर जडतो ते शिक्षक मरतात. सँड्रा स्कोपेटोन यांच्या १९७४च्या कादंबरीत, आपल्याला मुलीच आवडतात हे दाखवायला निघालेला तरुण अपघातात जातो. गुपचूप ही पुस्तकं वाचणाऱ्या मुलांनी यातून काय घ्यायचं होतं?

नॅन्सी गार्डन यांनी स्वतः हे सोसलं होतं. तरुणपणी, आपल्यासारख्या मुलींची गोष्ट शोधताना त्यांना मिळाली ती रॅडक्लिफ हॉल यांची १९२८ची दुःखान्त कादंबरी. आपण सुखान्त पुस्तक लिहायचं, असं त्यांनी ठरवलं. १९८२ मध्ये ते आलं : ‘ॲनी ऑन माय माइंड’. लायझा आणि ॲनी न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात भेटतात, प्रेमात पडतात. पुढे शाळा चौकशी लावते, दोन शिक्षिकांची नोकरी जाते. आईने थेट विचारल्यावर लायझा खोटं बोलते. पुस्तकातला सर्वांत खरा प्रसंग हाच. आईवर माया आहे, म्हणूनच खरं तोंडातून निघत नाही. तरीही शेवटी दोघी पुन्हा एकत्र येतात.

हा शेवट अनेकांना सोसला नाही. १९९३ मध्ये कॅन्सस सिटी परिसरातल्या शाळांना या पुस्तकाच्या प्रती भेट मिळाल्या, तेव्हा विरोधकांनी एक प्रत जाहीरपणे जाळली. जवळच्या ओलेथा गावच्या शाळांनी तर ते ग्रंथालयातून काढूनच टाकलं. विद्यार्थ्यांनी न्यायालयात दाद मागितली आणि त्यांच्यासोबत पालकही उभे राहिले. हे पालकांचं उभं राहणं फार मोलाचं. नोव्हेंबर १९९५ मध्ये न्यायाधीश थॉमस व्हॅन बेबर यांनी निकाल दिला : पुस्तकातले विचार पटले नाहीत म्हणून ते काढणं घटनाबाह्य आहे. पुस्तक पुन्हा कपाटात आलं.

त्याच वर्षी जॅकलिन वुडसन यांनी प्रश्नच उलटा केला. ‘फ्रॉम द नोटबुक्स ऑफ मेलॅनिन सन’मध्ये ब्रुकलिनच्या कृष्णवर्णीय मुलाची आई एका गोऱ्या स्त्रीच्या प्रेमात पडते. इथे खरं सांगायचं धैर्य आईला करावं लागतं, आणि तिला समजून घ्यायचं काम मुलाकडे येतं.