श्रीकृष्ण वेलिंगकर : परक्या ध्वजाखालचा वैमानिक

१९१४ सालीं महायुद्धाचा वणवा पेटला, तेव्हां फ्रान्सच्या चिखलांत लढावयास हिंदी शिपाई चालत होता. परंतु त्यास बादशाही कमिशन, म्हणजे गोऱ्या अधिकाऱ्याच्या बरोबरीची सनद, देण्यास सरकार राजी नव्हतें. विमानदळाचेंही दार बंदच होतें. ऑक्सफर्डला शिकलेल्या हरदित सिंग मलिक यास तेथें नकार मिळाला. त्यानें फ्रेंच रेडक्रॉसची रुग्णवाहिका हांकली. पुढें फ्रेंच विमानदळ त्यास घेण्यास तयार झालें, तेव्हां त्याच्या गुरूंनीं जनरल हेंडरसन यांस पत्र लिहिलें, आणि १९१७ सालीं दार किलकिलें झालें.

त्याच सुमारास मुंबईचा श्रीकृष्ण वेलिंगकर या दळांत शिरला. तेविसाव्या तुकडींत त्याच्या वाट्यास ‘डॉल्फिन’ विमान आलें. त्यांत वैमानिकाचें मस्तक वरच्या पंखाच्या पोकळींतून बाहेर येई. दृष्टि दूरवर पोंचे खरी. पण विमान उलटें आपटल्यास पहिला आघात मस्तकावरच! हवाई छत्री तर ब्रिटिश विमानांतील वैमानिकांस मिळतच नसे.

१० जून १९१८ रोजीं मुंबईच्या युद्धपरिषदेंत लोकमान्य टिळकांनीं सहकार्याबरोबर स्वराज्याचा विषय काढतांच गव्हर्नर विलिंग्डन यांनीं त्यांस अडविलें, आणि लोकमान्य सभा सोडून गेले. त्यानंतर अवघ्या सतरा दिवसांनीं, २७ जूनला, मुंबईचाच हा तरुण फ्रान्सच्या आकाशांत झुंजण्यास गेला तो परतला नाहीं. जखमी होऊन तो जर्मनांच्या हातीं पडला व ३० जूनला निवर्तला. २२ जुलैला त्याचा सहदेशी इंद्रलाल रॉय, दहा हवाई विजय मिळवून, एकोणिसाव्या वर्षीं पडला.

वेलिंगकराचें शौर्य साम्राज्याच्या कामीं आलें, असा आक्षेप घेतां येईल, आणि तो खोटा नाहीं. परंतु हिंदी माणूस विमान चालवून लढूं शकेल काय, या वादाचें उत्तर त्यानें व त्याच्या सोबत्यांनीं प्राण पणास लावून दिलें. तें उत्तर मानावयास सरकारला चौदा वर्षें लागलीं. हिंदी विमानदळ ८ ऑक्टोबर १९३२ रोजीं स्थापन झालें, आणि १ एप्रिल १९३३ रोजीं कराचीस त्याची पहिली तुकडी उभी राहिली, ती अवघ्या चार ‘वापिटी’ विमानांनिशीं.