फाळक्यांची कैफियत

जुन्या दफ्तरांतून ‘कैफियत’ नावाचा एक लेखनप्रकार वारंवार आढळतो. वतन कोणी संपादिले, कसे राखिले, दुष्काळात व धामधुमीत काय सोसले, याची हकीकत गावचा वतनदार सरकारात लिहून देई. आणि मजकूर कितीही रुक्ष असला तरी लिहिणाराचा अभिमान, त्याचे दुःख व त्याची आर्जवे त्यात नकळत उतरत. कलेच्या उगमाविषयी आपल्याकडे शास्त्रकारांनी व रसिकांनी विपुल लिहिले आहे. परंतु ज्याच्या हातून कला घडली त्याची कैफियत मात्र आपल्या हाती क्वचितच लागते. अजिंठ्याच्या भिंतींवर ज्यांनी रंग भरले त्यांचे आपल्या कामाविषयीचे निवेदन आपल्यापर्यंत पोहोचलेले नाही. म्हणूनच धुंडिराज गोविंद फाळके यांनी १९१७-१८ साली ‘नवयुग’ मासिकात ‘भारतीय चित्रपट’ या मथळ्याखाली जी लेखमाला लिहिली, तिचे मोल मला फार मोठे वाटते. एक संपूर्ण नवी कला या देशात कशी जन्मास आली हे त्या कलेच्या जनकानेच, आठवणी ताज्या असताना आणि डोक्यावर कर्जाचा भार असताना, सांगितले आहे.

लेखमालेतील मध्यवर्ती प्रसंग सर्वपरिचित आहे. १९१० च्या सुमारास मुंबईच्या एका चित्रगृहात ख्रिस्ताच्या चरित्रावरील चित्रपट पाहत असता फाळक्यांच्या चर्मचक्षूंपुढे येशूची मूर्ती सरकत होती, पण अंतश्चक्षूंपुढे मात्र राम आणि कृष्ण, अयोध्या आणि गोकुळ उभे राहत होते. प्रतिभेचे वर्णन करताना आपण ‘स्फुरण’ हा शब्द योजतो, आणि हा प्रसंग त्या शब्दाला साजेसाच आहे. परंतु फाळके तेथे थांबत नाहीत. त्या क्षणानंतर लगेच ते आपल्या शिक्षणाचा व हुन्नरांचा पाढा वाचतात. आणि आपण या धंद्यात पडू शकलो ते पूर्वी शिकलेल्या कलांच्या बळावर, असे निःशंकपणे नमूद करतात.

तो पाढा खरोखरच दीर्घ आहे. त्र्यंबकेश्वरी १८७० साली जन्मलेला हा शास्त्र्यांचा मुलगा १८८५ साली मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत दाखल झाला; पुढे बडोद्याच्या कलाभवनात त्याने चित्रकलेबरोबर छायाचित्रणाचे धडे गिरविले; गोध्र्यास छायाचित्रांचा धंदा थाटला, आणि तेथेच प्लेगमध्ये पत्नी व मूल गमावले. पुराणवस्तू खात्यात त्याने नोकरी केली, जादूचे प्रयोग केले, लोणावळ्यास ठसे व छपाईचा कारखाना काढून राजा रविवर्म्यांच्या चित्रांच्या छपाईचे काम केले, रंगीत मुद्रणाची यंत्रे पाहण्यासाठी जर्मनी गाठली, आणि अखेर भागीदारांशी बेबनाव होऊन स्वतः उभारलेल्या छापखान्याबाहेर पडला. जगाच्या हिशेबी ही चाळिशीत आलेल्या, कोठेच स्थिर न झालेल्या माणसाची परवड होती. पण अंधाऱ्या चित्रगृहातील त्या क्षणी चित्रकाराचा डोळा, छायाचित्रकाराची रसायने, मुद्रकाची यंत्रविद्या आणि जादूगाराची दृष्टिभ्रमाची युक्ती या सर्वांचा एकाएकी संगम झाला. वीज लखलखली खरी, पण तिच्यासाठी आभाळ पंचवीस वर्षे भरून येत होते.

यानंतर कैफियतीत येतो तो निव्वळ कष्टांचा व पैशांचा तपशील. मुंबईत लागेल तो चित्रपट पाहावयाचा, घरी येऊन प्रयोग करावयाचे, झोप जेमतेम तीन तास. परिणामी दृष्टी काही काळ जवळजवळ गेलीच. ती उपचारांनी परत येताच बारा हजारांची विमापत्रे तारण ठेवून दहा हजारांचे कर्ज उभे केले आणि १९१२ च्या फेब्रुवारीत विलायतेचे जहाज गाठले. तेथे ‘बायोस्कोप’ या साप्ताहिकाच्या कचेरीत स्वारी अनाहूतपणे दाखल झाली. संपादक कॅबोर्न यांनी प्रथम या साहसापासून परावृत्त करण्याचा यत्न केला, परंतु इरादा पक्का दिसताच सेसिल हेपवर्थ यांच्या वॉल्टन येथील स्टुडिओची दारे उघडून दिली. विल्यमसन कॅमेरा व फिल्मला छिद्रे पाडण्याचे यंत्र यांची तजवीज करून फाळके एप्रिलमध्ये मायदेशी परतले.

भांडवलदार मात्र नुसत्या कल्पनेवर पैसा लावीत नाहीत. तेव्हा फाळक्यांनी कुंडीत एक वाटाण्याचा दाणा पेरला. कॅमेरा त्याच्यासमोर रोखून धरला आणि महिन्याहून अधिक काळ रोज एकेक चित्र टिपले. दाणा फुगला, माती दुभंगली, कोंब वाकून वर आला, त्याला पाने फुटली, वेल चढू लागली. जे घडण्यास महिना लागला ते पडद्यावर मिनिटाभरात उलगडले, आणि ते पाहून सावकाराची थैली सैल झाली. मला या वाटाण्याइतके कलानिर्मितीचे यथार्थ प्रतीक दुसरे दिसत नाही. प्रेक्षकाच्या वाट्यास येते ते मिनिटाचे नवल. कलावंताच्या वाट्यास येते ते रोज त्याच कुंडीसमोर जाऊन, काल व आज यांत नजरेस फरकही न दिसता, एक चित्र घेऊन परतणे.

‘राजा हरिश्चंद्र’ सुमारे सात महिन्यांच्या खटाटोपाने सिद्ध झाला आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन चित्रगृहात लोकांपुढे आला. त्याची लांबी होती ३,७०० फूट. तारामतीची भूमिका करण्यास स्त्री मिळाली नाही म्हणून उपाहारगृहात काम करणाऱ्या साळुंके नामक तरुणाने लुगडे नेसले. रोहिदास झाला तो फाळक्यांचाच मुलगा. पण या इतिहासातील जे दृश्य माझ्या मनातून जात नाही ते दादरच्या त्यांच्या घरातील आहे. परदेशाहून येणारी कोरी फिल्म सलग असे. कॅमेऱ्याच्या दात्यांत ती अडकावी म्हणून दोन्ही कडांना छिद्रे पाडावी लागत, आणि प्रकाशाचा किरण लागताच ती वाया जाणार म्हणून हे सारे काम अंधारात करावयाचे. दिवसभर कंपनीच्या माणसांचा स्वयंपाक उरकलेल्या त्यांच्या दुसऱ्या पत्नी सरस्वतीबाई रात्री त्या मिट्ट काळोखात बसून, केवळ बोटांच्या स्पर्शाने, फूटामागून फूट फिल्म यंत्रातून सरकवीत. रसायने मिसळणे त्यांनी शिकून घेतले, फिल्म धुणे त्यांनी शिकून घेतले, आणि चित्रीकरणात उन्हाचा उजेड वळवण्यासाठी पांढरी चादर धरून त्या तासन्‌तास उभ्या राहिल्या.

लेखमाला लिहिली जात होती तेव्हा महायुद्धामुळे भांडवल आटले होते, आणि आपले चित्रपट भांडवल, माणसे व कथा या सर्वच बाबतींत स्वदेशी आहेत हे लोकांना पटवून द्यावे हाही लेखकाचा हेतू होता. म्हणून तिच्या सत्यतेस बाध येतो असे मी मानीत नाही. आर्जवाशिवाय कैफियत नसतेच. १९१८ साली नव्या भागीदारांसह हिंदुस्थान फिल्म कंपनी निघाली. पण लवकरच मतभेद विकोपास जाऊन फाळके काशीस निघून गेले आणि काही काळाने परतले. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकात त्यांचा अंत झाला, तेव्हा त्यांनी जन्मास घातलेला धंदा त्यांना मागे टाकून फार पुढे गेला होता.

जुन्या महजरांच्या, म्हणजे निवाडपत्रांच्या, शेवटी साक्षीदारांच्या निशाण्या असत. ज्याला अक्षर येत नसे तो आपल्या धंद्याचे हत्यार काढी, कुणबी नांगर काढी. फाळक्यांच्या कैफियतीखाली अशा निशाण्या उमटवावयाच्या झाल्या तर पहिली वाटाण्याच्या कोंबाची असावी, आणि तिच्या शेजारी, अंधारात बोटांनी पाडलेल्या त्या लहानशा छिद्रांची एक रांग.