निरीक्षणात्मक नगर-अनुबोधपट

शहरातील सामान्य माणसांचे जगणे लिखित पटकथेविना व नटांविना, घडेल तसे टिपणारा चित्रपटप्रकार (पाहा : अनुबोधपट). हलके १६ मिमी. कॅमेरे व सुटसुटीत ध्वनिमुद्रक उपलब्ध झाल्यावर १९६० च्या सुमारास तो अमेरिका व फ्रान्समध्ये रूढ झाला. भारतात मात्र फिल्म्स डिव्हिजनच्या (स्था. १९४८) अनुबोधपटांत निवेदकाच्या आवाजाचा दीर्घकाळ वरचष्मा होता.

दीर्घ चित्रण, जागेवरचा ध्वनी व अत्यल्प निवेदन ही निरीक्षणात्मक अनुबोधपटाची लक्षणे. मुंबईतील महत्त्वाच्या कृती मात्र निव्वळ निरीक्षणावर थांबत नाहीत. आनंद पटवर्धन यांच्या ‘हमारा शहर’ मध्ये (१९८५) झोपड्या पाडल्या गेलेली माणसे कॅमेऱ्याशी थेट बोलतात. शहर ज्यांनी बांधले त्यांनाच तेथे जागा का नाही, हा प्रश्न त्यांच्याच तोंडून येतो. आनंद पटवर्धन यांचाच ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) १९९७ च्या मुंबईतील रमाबाई नगरातल्या पोलीस गोळीबारापासून पुढे १४ वर्षे चित्रित होत गेला (पाहा : शाहिरी). अंजली मोंतेरो व के. पी. जयशंकर यांच्या ‘साचा’ मध्ये (२००१) कवी नारायण सुर्वे आणि ठाण्याचे चित्रकार सुधीर पटवर्धन यांच्या नजरेतून मुंबईतील गिरणी कामगारांचे गिरणगाव दिसते (पाहा : गिरणी संप, १९८२).

कागदोपत्री न उरणारी बोली, कामाच्या लकबी व पाडलेल्या वस्त्या या पटांत टिकून राहिल्या. नगर-इतिहासाचे साधन म्हणून त्यांचे मोल मोठे आहे.